पाण्यावरून पळणाऱ्या सरड्याची पैज

आमच्या डिस्कव्हरी गार्डन्सच्या फ्लॅटमध्ये एकही पाल नाही, ही बाबांची दुबईतली पहिली तक्रार. लोकांचे आईवडील येतात ते उन्हाला नावं ठेवतात, दुधाला चव नाही म्हणतात, एसीने गुडघे धरले म्हणून कुरकुरतात. माझ्या वडिलांनी ट्यूबलाइटची मागची बाजू, फ्रिजची पाठ आणि पडद्यांच्या दांड्या तपासून जाहीर केलं, "एवढं घर घेतलंत, पण एक पाल नाही गो. इथे बोललेलं खरं कसं व्हायचं?"

आमच्या कोकणातल्या घरात कोणी काही बोलत असताना पाल चुकचुकली की ते बोलणं खरं, असा हिशेब. मग बोटाने लाकडावर टकटक करायची, 'कृष्ण कृष्ण' म्हणायचं आणि विषय संपला. कोर्टाचा शिक्काही इतका चालत नसेल. बाबांनी आयुष्यभर खाडीवर लाँच चालवली, ह्या काठाची माणसं त्या काठाला पोचवली, पण भरती-ओहोटीच्या गणितावर ठेवला नसेल इतका विश्वास त्यांनी ट्यूबलाइटमागच्या पालीवर ठेवला. दहावीला मी पास होणार हे पालीने सांगितलं होतं. मी दुबईला जाऊन महिन्याभरात रडत परत येईन असं बाबा म्हणाले तेव्हा मात्र पाल गप्प बसली. म्हणून तर मी अजून इथे आहे, असं त्यांचं ठाम मत.

आई गेली आणि बाबा त्या घरात एकटे उरले. मला दुसरं भावंड नाही. ते 'मी मजेत आहे' म्हणायचे आणि मला इथे जुमेरा लेक टॉवर्सच्या ऑफिसात, शिपिंगच्या कागदांचा ढीग समोर असताना, काही सुचायचं नाही. शेवटी मी भांडून भांडून त्यांना व्हिजिट व्हिसावर आणलं. आणल्यावर दुसरं भांडण सुरू केलं, की आता इथेच राहा. नवऱ्याने समजावलं, मुलीने गळ्यात पडून "प्लीज आजोबा, स्टे ना" केलं. बाबांचं उत्तर ठरलेलं, "पाहुणा म्हणून आलोय, पाहुणा म्हणून जातो. व्हिसा संपला की तिकीट काढा."

आमची मुलगी इथेच जन्मली आणि इथेच वाढली. तिच्याशी मराठीत बोललं की उत्तर इंग्लिशमध्ये येतं. मी ओरडते, "मराठीत बोल!" तर ती म्हणते, "आय ॲम ट्रायिंग, आई." बाबांना इंग्लिश कळायचं फक्त इंजिनाच्या भागांपुरतं. पण दोघांचं जमलं, कारण तिला सरडे, पाली, साप यांचं वेड. इतर मुलींच्या खोलीत बाहुल्या असतात, हिच्या भिंतीवर घोरपडीचं पोस्टर. मला ते बघून शिसारी येते. बाबा मात्र पहिल्याच दिवशी त्या पोस्टरसमोर उभे राहून म्हणाले, "जात चांगली आहे. बघ, जिभेला दोन टोकं काढलीत बरोबर."

पालीची गोष्ट तिला इतकी आवडली, की ती प्रत्येक वाक्यानंतर स्वतःच जिभेने चुकचुक करायला लागली. "आय फिनिश्ड माय होमवर्क, चुक चुक." "आई सेड आय कॅन हॅव आइस्क्रीम, चुक चुक." बाबांनी तिला समोर बसवून गंभीरपणे नियम सांगितला, "बाय, स्वतःच्या बोलण्यावर स्वतः चुकचुकायचं नसतं. ते दुसऱ्याने करायचं. नाहीतर सगळं जगच खरं बोलायला लागेल." तिला ते पटलं. तेव्हापासून ती बोलून झालं की आशेने बाबांच्या तोंडाकडे बघायची. बाबा ओठ घट्ट मिटून बसायचे. ते काम पालीचं, माणसाने त्यात पडू नये, असं ते म्हणायचे.

एका संध्याकाळी आम्ही चहा पीत होतो. बाबा खाडीच्या गप्पा रंगवत होते, पाणी कसं कोणाचं ऐकत नाही, पाण्यावर राहायचं तर लाकूड पाहिजे नाहीतर पोहायला यायला पाहिजे, तिसरा मार्ग नाही. तेवढ्यात आमची पोरगी म्हणाली, "देअर इज अ लिझर्ड, आजोबा. इट रन्स ऑन वॉटर."

मी मराठी केलं. पाण्यावरून पळणारा सरडा आहे म्हणते.

"पाण्यातून," बाबांनी दुरुस्त केलं.

"नो, ऑन! वर!" तिने हाताचा तळवा टेबलावर ठेवून त्यावर दोन बोटं पळवली.

बाबा इतके हसले की चहा बशीत सांडला. मग तिने फोनवर व्हिडिओ दाखवला. हिरवा सरडा, डोक्यावर तुरा, मागच्या दोन पायांवर उभा राहून ओढ्यावरून सुसाट पळतोय, पुढचे हात दोन्हीकडे पसरलेले. बाबांनी चष्मा पुढे-मागे करून पाहिला आणि फोन परत दिला. "हल्ली हे सगळं कॉम्प्युटरवर करतात. आमच्या ग्रुपवर परवा गाय विमान चालवताना आली होती."

पोरगी लाल झाली. राग तिने माझा घेतलाय. पण रडली नाही. ती पुस्तक घेऊन आली आणि अर्धं इंग्लिश, अर्धं मराठी, उरलेलं हातवारे करून समजावायला लागली. मी मध्ये दुभाषी. हा सरडा मध्य अमेरिकेच्या जंगलात राहतो, नदीवर झुकलेल्या फांदीवर. मागच्या पायांची बोटं लांबलचक, आणि त्या बोटांना कडेने कातडीची झालर. जमिनीवर ती मिटलेली असते, पाण्यावर पाय आपटला की उघडते. पाय जोरात आपटला की पाण्यात हवेचा खड्डा पडतो. तो खड्डा भरून यायच्या आत पाय मागे ढकलून वर काढायचा आणि दुसरा आपटायचा. उशीर केला की बुडाला. पिल्लं हलकी, ती लांबपर्यंत जातात. मोठे थोडं अंतर पळतात, मग वजनाने खाली जातात आणि पोहायला लागतात. पोहायलाही उत्तम येतं त्यांना, पाण्याखाली दडूनही बसतात.

"आणि हे शिकवतं कोण?" बाबांनी विचारलं.

कोणी नाही. आई मातीत खड्डा करून अंडी घालते, बुजवते आणि निघून जाते. पिल्लू बाहेर येतं ते एकटंच, आणि आल्या आल्या त्याला पळता येतं.

"आई नाही, बाप नाही, आणि पाण्यावर पळतंय." बाबांनी मान हलवली. "थापा आहेत बाय. पुस्तकवाल्यांनी तुला गंडवलंन."

"इट्स रिअल! दुबईत आहे! मी पाहिला! स्कूल ट्रिपला!" हे मात्र खरं होतं. शहरात काचेच्या इमारतीत एक जंगल उभं केलंय, आत दमट हवा, धबधबा, पक्षी, मासे. तिथे एका छोट्या तळ्यावरच्या फांदीवर तो सरडा असतो. तिने पाहिला तेव्हा तो नुसता बसला होता, एवढंच.

बाबा तावात आले. हा त्यांचा स्वभाव, चिडवता चिडवता स्वतःच चिडतात. म्हणाले, "मग लागली पैज. पाण्यावर पाय टाकत ह्या काठावरून त्या काठाला गेलेला प्राणी माझ्या ह्या डोळ्यांनी दाखव. दाखवलास तर तुझ्या आईचं ऐकतो. इथेच राहतो. नाही दाखवलास तर तिकीट, आणि मग कोणी रडायचं नाही."

मी टेबलावर हात आपटला. "बाबा, शब्द दिलात हां! फिरवायचा नाही!"

"मी कधी फिरवला गो?" म्हणाले, आणि सवयीने ट्यूबलाइटकडे पाहिलं. तिथे कोण असणार होतं, कपाळ!

पुढच्या शनिवारी मेट्रो आणि टॅक्सी करून आम्ही त्या काचेच्या जंगलात हजर. दार उघडून आत गेलो मात्र, बाबांच्या चष्म्यावर वाफ धरली. बाहेर टॅक्सीच्या एसीने काचा गार झालेल्या, आत कोकणातल्यासारखी ओली हवा. ते रुमालाने पुसत आणि चष्मा पुन्हा धुरकट होई. "अरे देवा, हे तर आपल्याकडचं हवामान," ते म्हणाले, आणि चेहऱ्यावर इतका आनंद पसरला, की मला दुबईत त्यांना आणल्यापासून पहिल्यांदा बरं वाटलं.

तळ्यावर फांदी, फांदीवर महाराज. हिरवागार, डोक्यावर तुरा, पाठीवर तुरा, शेपटीवर तुरा. डोळे पिवळे. आम्ही लाकडी कठड्याला टेकून उभे राहिलो. महाराज हलले नाहीत. लोक आले, फोटो काढून गेले. एकदा त्याने डोळा मिटून उघडला, तर आमची पोरगी किंचाळली. बाबा म्हणाले, "पेन्शनर दिसतोय."

असे आम्ही कितीतरी शनिवार गेलो. सरडा कधी हलला नाही. मला वाटलं होतं बाबा कंटाळतील, पण त्यांना तो आवडायला लागला. आठवडाभर त्याच्याबद्दल बोलायचे. आज काय खाल्लं असेल, किडे देतात का, की नुसता पाला. पोरगी सांगायची की किडे खातो, फुलंही खातो, फळंही. बाबा म्हणायचे, "मग आपल्यातलाच. मासे मिळाले तर मासे, नाहीतर आमटी-भात." तिला बाबांना हे सांगायचं असायचं म्हणून ती मला मराठी शब्द विचारायची. झालर म्हणजे काय, खड्डा म्हणजे काय, तुरा म्हणजे काय. मी इतकी वर्षं घसा फोडून जे झालं नाही ते एका सरड्याने केलं, आणि तेही जागचं न हलता.

एका सुट्टीला अल ऐनच्या बाजूला पिकनिकला गेलो, तर वाळूत गाफच्या झाडापासून थोडं दूर एक जाडजूड, काटेरी शेपटीचा प्राणी बिळाच्या तोंडाशी ऊन खात बसलेला. इथले लोक त्याला ढब म्हणतात, आपल्याकडचा सांडा त्याचाच भाऊबंद. पोरीने सांगितलं की हा पाणी पीतच नाही जवळजवळ, पाल्यात असेल तेवढ्यावर भागवतो. बाबा त्याच्याकडे बराच वेळ बघत राहिले. "हा बघ, आपल्या बिळाशी बसलाय. कोणाला त्रास नाही, कोणाकडे मागणं नाही," म्हणाले. टोमणा मला होता. मी म्हटलं, "बिळात एकटा पडला तर त्याला कोण उचलणार?" बाबांनी ऐकलं नाही असं दाखवलं. 

व्हिसा संपत आला. वाढवायचा तर आता कागद द्यायला हवे होते, आणि बाबा म्हणत, पैज ती पैज. त्या शनिवारी माझं डोकं आधीच तापलेलं होतं. आम्ही कठड्याशी उभे, सरडा नेहमीसारखा दगड होऊन बसलेला. माझा संयम सुटला. मी इकडेतिकडे पाहिलं आणि खाडकन टाळी वाजवली. "ए! पळ की मेल्या!"

सरड्याने मान एवढीशी वळवली. बाबांनी माझा हात धरला. ते माझ्यावर चिडतात ते मोठ्याने, पण तेव्हा अगदी हळू बोलले आणि ते जास्त लागलं.

"घाबरवून पळवायचं आणि मग बघा कसा पळतो म्हणायचं? पुस्तकात काय लिहिलंय, हा पळतो कधी? जिवावर बेतलं की. इथे तो बरा आहे, म्हणून बसलाय. तुझी आई गेल्यापासून सगळे माझ्यासमोर टाळ्या वाजवताहेत. मुंबईला जा, दुबईला जा, एकटे राहू नका, पडाल, झडाल. मी घाबरलेलो नाही गो. मी का पळू?"

मला रडू आलं. भर गर्दीत, धबधब्याच्या आवाजात. मी म्हटलं, "तुम्ही नाही घाबरलात. मी घाबरलेय, बाबा. तुमचा फोन लागत नाही. तुम्ही जेट्टीवर गप्पा मारत बसलेले असता आणि मी इथे ऑफिसच्या बाथरूममध्ये उभी राहून तुमचा नंबर फिरवत असते. तुमच्यासाठी नका राहू. माझ्यासाठी राहा."

 बाबांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. पोरगी आमच्या दोघांमध्ये उभी राहून एकदा माझ्याकडे, एकदा त्यांच्याकडे बघत होती. जाताना तिने त्यांचं बोट धरलं होतं. घरी आल्यावर बाबांनी नवऱ्याला सांगितलं, "जावईबापू, तिकिटाचं बघायला लागा." मी त्या दिवशी मुद्दाम आमटीत मीठ जास्त टाकलं. बाबांनी मुकाट्याने खाल्ली.

शेवटचा शनिवार उजाडला.  पोरगी आपणहून तयार होऊन दारात उभी राहिली. बाबा म्हणाले, "चला, पेन्शनरचा निरोप घेऊन येऊ."

आत शिरलो. नेहमीप्रमाणे चष्म्यावर वाफ. बाबा कठड्याशी जाऊन रुमाल काढायला लागले. तेवढ्यात माझा फोन वाजला, आमचा मॅनेजर, त्याला सुट्टीच्या दिवशीही एका कंटेनरचा कागद हवा होता. "यल्ला, फास्ट फास्ट," चाललेलं त्याचं. मी कोपऱ्याकडे तोंड करून बोलत होते. मागे पंखांची मोठी फडफड झाली आणि पाण्यावर कोणीतरी भराभर थपडा माराव्या तसा आवाज आला. थप थप थप थप. मी फोन बंद करून वळले. फांदी रिकामी. तिच्यावर लांब चोचीचा एक पक्षी शहाण्यासारखा बसलेला, आणि तळ्यावर पसरत चाललेली वर्तुळं.

बाबांच्या एका हातात चष्मा, दुसऱ्या हातात रुमाल. चष्म्याविना त्यांना हातभर अंतरावरचं माणूस ओळखू येत नाही. "काय झालं? काय पडलं?"

मला कपाळ बडवून घ्यावंसं वाटलं. इतके शनिवार! आणि मी त्या मेल्या कंटेनरपायी पाठ फिरवलेली! आजूबाजूला कोणी नाही. फोनवर व्हिडिओ घ्यावा तर फोन माझ्या कानाला. पाहिलं फक्त आमच्या पोरीने. ती दोन्ही हात तोंडावर ठेवून उभी होती. मग हात काढले आणि बोलायला लागली. शब्दाशब्दाला अडत होती, पण इंग्लिश एकही नाही.

"आजोबा, तो पळाला. पक्षी आला, मोठा, आणि तो खाली पडला, आणि पळाला. दोन पायांवर. हात असे. पाणी असं उडालं, असं, असं."

बाबांनी चष्मा घातला. वर्तुळांकडे पाहिलं, रिकाम्या फांदीकडे पाहिलं, मग तिच्याकडे. "त्या काठाला गेला पळत?"

मी पोरीकडे डोळे वटारून बघत होते. हो म्हण गं बाई. एकदा हो म्हण. नुसती मान हलव.

तिचा चेहरा पडला. "नाही. मध्येच बुडाला. तो मोठा आहे ना. मग पोहत गेला. तिकडे, दगडामागे." डोळ्यांत पाणी आलं तिच्या. "पण पळाला, आजोबा. अर्धं पाणी पळाला. खरंच."

मी मनातल्या मनात तिकीट, बॅगा, विमानतळ सगळं मोजून टाकलं. बाबांनी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं नव्हतं, सरडा काठाला पोचला नव्हता. पैजेतलं एकही कलम शिल्लक राहिलं नाही, आणि उरलंसुरलं माझ्याच सत्यवचनी पोरीने बुडवलं. कोणावर गेली आहे देव जाणे.

बाबा तिच्यासमोर वाकले. गुडघ्यांवर हात ठेवून, हळूहळू, इंजिनात डोकावायचे तसे. "खोटं सांगायचं असतं तर पलीकडे पोचवला असतास," ते म्हणाले.

तिने नाक ओढलं.  स्वतः चुकचुकायचं नसतं हे तिला पाठ होतं. ती फक्त त्यांच्या तोंडाकडे बघत राहिली.

बाबांनी जीभ टाळूला लावली आणि केलं, चुक चुक चुक. अगदी ट्यूबलाइटमागून यावं तसं. मग उजव्या हाताचं बोट लाकडी कठड्यावर टकटक वाजवलं आणि म्हणाले, "कृष्ण कृष्ण."

मग सरळ होत, माझ्याकडे न बघताच म्हणाले, "तू रडतेस काय गो? त्या व्हिसाचे कागद कुठे द्यायचे ते बघ."